पागोट्यात वेचलेला कापूस

माझी माय मेली तेव्हा ती चुलीपुढे बसून ज्वारीची भाकर थापत होती, आणि ही बातमी साऱ्या मुलखात तिला सर्वांत शेवटी कळली. (त्यानंतर ती भरपूर जगली. ठणठणीत तब्येतीने आणि आमच्यावर ओरडत!) तिला मारलं आम्ही तिघांनी: माझे बाबा, बाबांचे धाकटे भाऊ गोविंदाकाका आणि मी. त्यासाठी आम्ही आमची पागोटी वापरली. तीही अमरावतीच्या बाजारातून आणलेली, नवीकोरी, जरीकाठी!

तो काळच तसा होता. समुद्रापलीकडे कुठेतरी गोऱ्या लोकांची आपसांत लढाई जुंपली होती. तिकडचा कापूस तिकडेच अडकून पडला आणि इकडे आमच्या वऱ्हाडातला कापूस सोन्याच्या मोलाने जाऊ लागला. अमरावती-अकोल्याच्या वाटेवर आमचं गाव, त्यामुळे दिवसभर कापसाच्या गाड्यांची घरघर. जो तो हरखलेला! कोणी बायकोला पाटल्या केल्या, कोणी भिंतीला चुना लावला. बाबांनी बैलांच्या शिंगांना चांदीच्या शेंब्या बसवल्या. मायने विचारलं, "बैलाले चांदी, अन् मले?" बाबा म्हणाले, "तू कुठी गाडी वढतं?" माय पुढची भाकर जरा जोरातच थापू लागली. तिथेच आम्ही सावध व्हायला हवं होतं.

कापसाला भाव आला तसा आमच्या मिशांनाही आला. माझी तर नुकतीच फुटलेली. लग्नाला वर्ष झालं नव्हतं. बायको सखू अधूनमधून विचारायची, "आवो, एवढा हंडा डोक्यावर ठिवून देता काय?" आणि मी मिशीला पीळ देत म्हणायचो, "हे काय मानसाचं काम हाय?" (पीळ द्यायला पुरेसे केस नव्हते, म्हणून नुसता हात फिरवायचो. पण फिरवायचो जोरात.)

आता मूळ भांडण. आमच्याकडे कपाशी पेरतो पुरुष, बाजारात नेतो पुरुष, पण वेचते बाई. वेचणीच्या पहिल्या दिवशी गावच्या बायका शेतात दहीभात घेऊन जातात, पहिल्या झाडांवर थोडा शिंपडतात, हळदकुंकू वाहतात, मग सगळ्याजणी तिथेच बसून दहीभात खातात आणि मगच वेचायला लागतात. संध्याकाळी जाताना प्रत्येकीने ओटीभर कापूस आपल्या घरी न्यायचा. याला सीतादही म्हणतात. आमच्या शेतात सीतादहीचा मान मायकडे असे, आणि मायने दही शिंपडल्याशिवाय एकही बाई बोंडाला हात लावत नसे.

त्या वर्षी शेत नुसतं पांढरं झालं होतं. बाबा ओसरीवर बसले आणि म्हणाले, "यंदा सीतादही-बितादही नाई. अर्धा दिवस बाया दहीभात खात बसतात, अन् जाताना ओटी भरून नेतात. कापूस हाय का पालापाचोळा?"

"ओटी आमचा मान हाय," माय आतून म्हणाली.

"मान? मान मानसाले असते!"

"अन् आमी कोन हाओत? वांगे?"

काका हसले. बाबांनी त्यांच्याकडे पाहिलं, तसे ते खोकू लागले.

"येचनं बायाईचं काम," बाबा म्हणाले. "त्यात काय अक्कल लागते? बोंड दिसलं का वढाचं. लेकरू बी करते."

माय पिठाचे हात पुसत बाहेर आली. "असं? मंग येचा. तुमाले भाकर भेटन, पानी भेटन. आमचा हात नाई भेटनार." आणि डोक्यावरचा पदर सारखा करून जी निघाली ती घरोघर फिरून आली. संध्याकाळपर्यंत गावातल्या एकूण एक बाईने आमच्या शेताकडे पाठ फिरवली. घरातली सखूही त्यात!

"तू बी?" मी विचारलं.

"मी बी," सखू म्हणाली. "मले तं अमरावतीचा बाजारई पाहाचा हाय. लहानपनापासून कापूस येचून राह्यली मी. तो जाते कुठी, ते अजूक पाह्यलं नाई."

"बाजारात बायाईचं काय काम?"

"अन् तुमचं वावरात काय काम, ते पाहू आता."

बाबांची खरी अडचण वेगळीच होती. अमरावतीच्या दलालाला त्यांनी छातीवर हात ठेवून शब्द दिला होता, की पौर्णिमेच्या आत पहिली गाडी येईल. वर आभाळात ढग जमू लागले होते. फुटलेल्या कापसावर अवकाळी पाऊस पडला की त्याचा नुसता चिखल. म्हणजे कापूसही गेला, शब्दही गेला. माय नमतं घेईल असं कोणालाही वाटत नव्हतं, आणि बाबांना तर नमतं घ्यायचं असतं हेच ठाऊक नव्हतं.

"तीन मर्द आहो घरात," ते म्हणाले. काकांनी आढ्याकडे पाहिलं. मी मिशीला हात लावला. झालं, ठरलं!

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही तिघे शेतात उभे राहिलो आणि पहिलाच प्रश्न पडला: वेचलेला कापूस ठेवायचा कशात? बायका लुगड्याचा पदर कमरेला खोचून त्याची ओटी करतात. दोन्ही हात मोकळे, ओटी पोटाशी. आम्हाला पदर कुठला? काकांनी धोतराचा सोगा सोडून ओटी करून पाहिली. तेवढ्यात वारा सुटला आणि काकांनी तो विचार घाईघाईने सोडला. पाणी घेऊन आलेली सखू बांधावरून म्हणाली, "माहं जुनं लुगडं देऊ काय?"

बाबांनी तिच्याकडे असं पाहिलं की ती घागर तिथेच ठेवून पळाली. मग त्यांनी डोक्यावरचं पागोटं उतरवलं, उलगडलं, कमरेला गुंडाळलं आणि पुढे झोळ काढला. "पागोटं मर्दाचं," ते म्हणाले, "मंग त्यातला कापूस बी मर्दाचाच!" आम्हीही आपापली पागोटी सोडली. जरीचे काठ उन्हात चमकत होते. काय सांगू, त्या क्षणी मला आमचा फार अभिमान वाटला.

तो अभिमान जेमतेम अर्धा तास टिकला. बोंडाच्या वाळलेल्या पाकळ्यांना सुयांसारखी टोकं असतात, हे मला कोणी सांगितलं नव्हतं. बायकांची बोटं त्यातून अलगद जातात. आम्ही बाबांच्या सांगण्यावरून 'वढत' होतो. ओढलं की कापूस यायचा, बोंड यायचं, पान यायचं, डहाळी यायची, कधीकधी सबंध झाडच यायचं! काकांचं पागोटं पोटाच्या घेरावर थांबेना. ते घसरत घसरत पायांत आलं, काका त्यातच पाय अडकून आडवे झाले, आणि वेचलेला सगळा कापूस त्यांच्या अंगाखाली गेला.

"गोविंदा, झोपाले आला काय?" बाबा ओरडले.

"भाऊ, मले वाट्टे आपन बुढीची माफी मागू," काका जमिनीवरूनच म्हणाले. (काका मायला पाठीमागे बुढी म्हणत. समोर म्हणण्याची त्यांची छाती नव्हती.)

"मर्द हायेस का कोन हायेस? ऊठ!"

काका उठले. दुपार झाली. बायका एवढ्या वेळात अर्धं शेत पांढऱ्याचं हिरवं करतात. आमचा तिघांचा मिळून कापूस एका उशीत मावला असता, आणि ती उशी कोणी डोक्याखाली घेतली असती तर सकाळी कानांतून काड्या काढाव्या लागल्या असत्या. पण बाबा मागे हटायला तयार नव्हते. संध्याकाळी त्यांची बोटं रक्ताळली होती, घास उचलवत नव्हता. मायने न बोलता भाकर कुस्करून दुधात टाकली आणि वाटी त्यांच्यापुढे सरकवली. बाबांनी न बोलता खाल्ली. दोघांपैकी कोणीही हरलं नाही, आणि दुसऱ्या दिवशी आम्ही पुन्हा शेतात!

याच दुसऱ्या दिवशी माय मेली.

झालं असं. आमचं शेत गाडीवाटेला लागून. पातूरकडचा एक गाडीवान रिकामी गाडी घेऊन गावी परतत होता. तो माझ्या मामांच्या शेजारचा, आम्हाला चांगला ओळखणारा. त्याने काय पाहिलं? बाबा, काका आणि मी, तिघांचीही डोकी उघडी! त्या काळी आमच्यात कोणी उघड्या डोक्याने उंबऱ्याबाहेर पाऊल टाकत नसे. टाकलंच तर एकाच प्रसंगी: घरात मयत झाली तर. तिघांच्या माना खाली. (झाडं कमरेएवढी, मान वर करून वेचणार कसं?) बाबांचे डोळे लाल. (घाम!) आणि ऐन वेचणीत सबंध शेतात औषधालाही बाई नाही!

त्याने गाडी थांबवली. "काय झालं गा, भाऊ?" त्याने दबल्या आवाजात विचारलं.

बायकांचं काम करताना परगावच्या माणसाने पाहिलं, म्हणून बाबांना मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं. त्यांनी तोंड फिरवलं. "जा गा बाप्पा," ते घोगऱ्या आवाजात म्हणाले, "तुह्या वाटेनं जा."

गाडीवान भला माणूस. त्याने हात जोडले आणि मुकाट बैल हाकले. वाटेत त्याने मनाशी हिशेब मांडला: नवरा आहे, दीर आहे, लेक आहे. तिघांच्या डोक्याला काही नाही आणि सगळ्या बायका घरी. मग गेलं कोण? त्याने पातूरला पोहोचून आधी बैलही सोडले नाहीत. सरळ मामांच्या दारात जाऊन उभा राहिला.

इकडे आम्हाला याचा पत्ता नाही. आम्ही रोज नेमाने शेतात जात होतो, रोज नेमाने रक्तबंबाळ होऊन परत येत होतो. ढग खाली उतरत चालले होते. तशात एका दुपारी आम्ही वेचत असताना गावाच्या वेशीकडून रडण्याचा एकच कल्लोळ उठला. दोन गाड्या भरून मामा, मामी आणि पातूरच्या लेकीसुना आल्या होत्या, आणि गाडीतूनच त्यांनी गळा काढला होता.

माय चुलीपुढे होती. तिने रडणं ऐकलं, भावाचा आवाज ओळखला. माहेरची माणसं रडत येतात म्हणजे माहेरचंच कोणीतरी गेलं! हातातली भाकर तव्यावर टाकून तिनेही आतूनच हंबरडा फोडला. सखूने मायला रडताना पाहिलं आणि तीही रडू लागली. शेजारणी धावल्या, त्याही रडू लागल्या. कोणासाठी, ते कोणालाच ठाऊक नव्हतं, पण कोणी हात राखून रडत नव्हतं!

आम्ही तिघे शेतातून धावत आलो. डोकी उघडी, केसांत कापूस, बोटांतून रक्त. आम्हाला पाहून मामांची उरलीसुरली शंका फिटली. त्यांनी बाबांच्या गळ्यात हात टाकला आणि ओक्साबोक्शी रडू लागले. बाबांना वाटलं, यांच्या घरी काहीतरी झालं. एवढा धिप्पाड माणूस आपल्या खांद्यावर रडतो म्हटल्यावर बाबाही रडले. काका मुळातच हळवे, आणि चार दिवसांचे थकलेले. त्यांना रडायला निमित्तच हवं होतं.

मग मामा बोलू लागले. "काय माही बहीन व्हती! पहाटे जातं, दुपारी वावर, रात्री चूल. कधी बसलेली पाह्यली नाई मी तिले. माहेरी आली तरी हातात काम. या घराचा खांब व्हती ती! आता या तिघाईले कोन पाहीन? यायले तं पान्याचा गडवा बी घेता येत नाई हातानं!"

आत मायचं रडणं एकदम थांबलं. सखू मला नंतर सांगत होती: माय क्षणभर गोंधळली, मग तिच्या ध्यानात आलं. सखू धावत बाहेर निघाली, तर मायने तिचा हात घट्ट धरला.

"कुठी चालली?"

"मामाजीले सांगतो ना, तुमी हाओत म्हून!"

"थांब वं," माय म्हणाली. "बोलू दे त्याले. जलमात पहिल्यांदा कोनी बोलून राह्यलं."

आणि ती दाराआड पाट घेऊन बसली!

बाहेर मामा थांबेनात. मग मामीने सूर धरला, मग शेजारणींनी. माय अशी, माय तशी. कोणाच्या बाळंतपणाला रात्र जागली, कोणाच्या घरी पीठ पाठवलं, पुरात कोणाची म्हैस ओढून काढली. यातलं निम्मं मलाही ठाऊक नव्हतं. मी बाबांकडे पाहिलं. त्यांना आता कळून चुकलं होतं की रडणं कोणासाठी चाललंय. ते मामांना थांबवू शकले असते. पण ते तसेच उभे राहिले, रक्ताळलेली बोटं पुढे धरून, आणि ऐकत राहिले. बाबांना कोणीतरी त्यांच्याच घराची ओळख करून देत होतं.

शेवटी मामा म्हणाले, "बाई नाई तं आता या घरात काय राह्यलं?"

तेव्हा माय दारात आली. कोपरापर्यंत पीठ! मामी "अय्यो, भूत!" म्हणून किंचाळली आणि काकांच्या अंगावर कोसळली. काका या वेळी उठलेच नाहीत. पीठ लागलेली, पदर खोचलेली, डोळे पुसत हसणारी माय दारात उभी.

"मेल्यावर एवढं गुन गाता," माय म्हणाली, "अन् जित्तेपनी ओटीभर कापूस जड जाते?"

बाबा बोटांवरचं रक्त धोतराला पुसू लागले.

"राज्य कोनाचं हाय सध्या?" माय थांबेना. "एका बाईचंच ना? साता समुद्रापल्याड बसली ती. तिचे मानसं येतात, तिले मुकाट शेतसारा देता. अन् घरच्या बाईले द्याचं म्हन्लं का तुमचा मर्दपना आडवा येते!"

"घे वं," बाबा म्हणाले. "येक नाई, दोन ओट्या घे."

"एकच घेईन. माह्या हक्काची घेईन. पन दहीभात तुमी रांधाचा. अन् कापसाच्या गाडीवर सखू जाईन अमरावतीले."

बाबांनी मान हलवली. एवढ्या माणसांदेखत त्यांनी ती हलवली, आणि मी माझी हलवून मोकळा झालो. मला कोणी विचारलंही नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही तिघांनी भात शिजवला. (म्हणजे खाली करपला, वर कच्चा राहिला आणि मधला थोडा शिजला. मधला तेवढा मायने शिंपडायला घेतला.) पातूरच्या सगळ्या बायकांनी पदर खोचले, गावच्या बायका धावून आल्या. अंधार पडेपर्यंत पहिली वेचणी उरकली! ढग आले, गडगडले, आणि पाऊस पडला तेव्हा कापूस कोरडा घरात होता. प्रत्येक बाई ओटी भरून घरी गेली, मामीने तर दोनदा भरली. बाबा दारात उभे राहून प्रत्येकीला "या बाई" म्हणत होते.

आम्ही चार दिवस राबून वेचलेलं मात्र मायने वेगळं गाठोडं बांधून ठेवलं. "माह्या कापसात मिसळू नोका," ती म्हणाली.

पौर्णिमेच्या आत गाडी अमरावतीच्या बाजारात उभी राहिली. बाबांचा शब्द राहिला. गाडीत कापसाच्या ढिगावर पदर घेऊन सखू बसलेली. ती डोळे मोठे करून सगळं पाहत होती: गाड्यांच्या रांगा, ढीग, भांडणारे दलाल, आणि सगळीकडे मिशाच मिशा. दलालाने आमच्या कापसात हात घातला आणि खूष झाला. "वा! दुधावानी हाय." मग त्याचं लक्ष गाठोड्याकडे गेलं. त्याने मूठ भरून बाहेर काढली: पानं, काड्या, बोंडाची टरफलं, मधे जरीचा एक धागा आणि चुकून थोडा कापूस!

"हे काय हाय गा?" तो गरजला. "कोनं येचलं? बकऱ्या सोडल्या होत्या काय वावरात?"

आजूबाजूची माणसं वळून पाहू लागली. बाबांना एकाएकी बैलांच्या शेंब्या पुसायची आठवण झाली. मी एकटाच उरलो. नवं पागोटं, नवी मिशी, आणि सगळा बाजार माझ्या तोंडाकडे बघतोय. देवानेच वाट दाखवली असं वाटून मी घाईघाईने म्हणालो, "हाव ना जी! बकऱ्याच घुसल्या व्हत्या."

"बकऱ्या नाई जी," ढिगावरून सखूचा स्वच्छ आवाज आला. "बोकड व्हते. तीन. त्यातला एक तं तुमच्यासंगच बोलून राह्यला."

दलालाने मला पायांपासून पागोट्यापर्यंत नीट न्याहाळलं, माझ्या मिशीपाशी थांबला आणि सगळ्या बाजाराला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाला, "बाई, बोकड लहान दिसते. दाढी फुटाची हाय अजूक!"